सजावट या थरातली झाडं

एखादी वस्तू डोळ्यांना दिसते, हाताला लागते आणि तिच्यावर आपटलं तर कपाळाला टेंगूळ येतं, एवढ्या पुराव्यावर ती वस्तू आहे असं मानणं हा अडाणीपणा आहे. टेंगूळ कुणालाही येतं. वस्तू पृथ्वीवर नेमकी कुठे आहे हे दशांश चिन्हानंतरच्या सहा आकड्यांपर्यंत सांगता आलं, ते आकडे ठरलेल्या प्रकारच्या फाइलीत बसले आणि ती फाइल उघडली, तरच ती वस्तू आहे. यातली पहिली अट कठीण आहे, दुसरी त्याहून कठीण, आणि तिसरीबद्दल न बोललेलं बरं.

हे सत्य नगर कार्यालयाला ज्या वर्षी उमगलं त्याच वर्षी तळमजल्यावरच्या सायकलस्टँडला भिंती घालून एक कक्ष उघडण्यात आला. कक्षात चार कॉम्प्युटर, पाच खुर्च्या, एक पंखा आणि एक पाटी. पाटीवर लिहिलं होतं, 'संगणकीय आरेखनांचे भूसंदर्भित नकाशा-संचिकांमध्ये रूपांतर कक्ष'. (पाटी दारापेक्षा रुंद निघाल्याने उभी लावावी लागली. वाचणाऱ्याला मान तिरकी करावी लागते. पण या कार्यालयात आलेल्या माणसाला मानेचा तेवढा व्यायाम नवा नाही.)

कक्षाचं काम सोपं होतं. वरच्या मजल्यावरच्या आरेखकाने सत्तावीस वर्षांत गावाची १,३१८ आरेखनं काढली होती. आधी पेन्सिलीने, मग शाईने, मग कॉम्प्युटरवर. प्रत्येक आरेखन वीतभरसुद्धा चुकणारं नव्हतं. गल्ली किती रुंद, पायरी किती पुढे, नळ भिंतीपासून किती लांब, सगळं चोख. खोट एकच होती. ती गल्ली पृथ्वीवर कुठे आहे, हे त्या आरेखनाला माहीत नव्हतं. आरेखनाचं जग कागदाच्या डाव्या खालच्या कोपऱ्यात सुरू होतं आणि उजव्या वरच्या कोपऱ्यात संपतं. कक्षाने करायचं ते इतकंच, की आरेखनातल्या तीन ओळखीच्या जागा घ्यायच्या, उदाहरणार्थ पाण्याच्या टाकीच्या शिडीची तळाची पायरी, पुलाचं टोक आणि शाळेच्या भिंतीचा कोपरा. त्या पृथ्वीवर कुठे आहेत ते मशीनला सांगायचं. मग मशीन अख्खं आरेखन उचलतं, थोडं फिरवतं, थोडं ताणतं आणि पृथ्वीवर चिकटवून टाकतं. पृथ्वीला विचारावं लागत नाही.

या नव्या फाइलीत तीनच गोष्टी बसत: बिंदू, रेषा आणि क्षेत्र. जगात चौथं काही नाही असं फाइलीचं मत होतं, आणि कार्यालयाने ते बैठकीत एकमताने स्वीकारलं. शिवाय थर अकराच मंजूर झाले: रस्ता, इमारत, भिंत, कुंपण, पायरी, नाला, नळ, खांब, झाकण, वृक्ष आणि मोकळी जागा. 'इतर' नावाचा बारावा थर कुणीतरी सुचवला होता. पण मग सगळं त्यातच जाईल अशी रास्त भीती साहेबांनी व्यक्त केल्यामुळे तो वगळला.

आता आरेखकाबद्दल. हा माणूस सालस, चष्म्याची एक काडी दोऱ्याने बांधलेली, निवृत्तीला सव्वा वर्ष राहिलेलं. त्याला लहानपणापासून थोरल्या बहिणीने वाढवलं. आई गेली तेव्हा ही अक्का चौदा वर्षांची होती आणि हा पाच. त्याच्या शाळेपासून आरेखनाच्या परीक्षेपर्यंत सगळं अक्काच्या शिलाई मशीनवर झालं. मशीन एका गल्लीच्या वळणावर, एका झाडाखाली, एक्कावन्न वर्षं तिथेच. पिशव्यांच्या चेन बदलणं, दप्तरांचे पट्टे शिवणं, छत्रीचं कापड टाचणं, असली कामं. झाडाच्या बुंध्यात एक खिळा होता, त्यावर दोऱ्याची रिळं लटकत. एक मूळ जमिनीतून असं वर आलं होतं की थांबलेलं गिऱ्हाईक त्यावर बसे. अक्काची पाठ जिथे टेके तिथली साल गुळगुळीत झाली होती.

आरेखकाला नोकरीत लागून पंधरा दिवस झाले तेव्हा त्याने पहिलं आरेखन त्या वेळच्या साहेबांपुढे नेलं. साहेबांनी ते हातभर लांब धरलं आणि शेरा मारला, 'नकाशा भकास दिसतो.' आरेखकाने मापं पुन्हा तपासली. मापं बरोबर होती. आरेखन पुन्हा वर गेलं, पुन्हा भकास होऊन खाली आलं. तिसऱ्यांदा त्याने वैतागून मोकळ्या जागी दोन झाडं काढली. त्याच दुपारी मंजुरी मिळाली. मापं कुणी पाहिलीही नाहीत.

हुशार माणसाला एवढा धडा पुरतो. आरेखकाने आठवडाभर बसून एक झाड तयार केलं. सात गोलाईंची पालवी, आत थोड्या रेघा, आग्नेयेला सावली. ते एकदा काढलं की शिक्क्यासारखं हवं तिथे उमटवता येई. मग त्याने नियम घालून घेतला: प्रत्येक घराच्या दारात दोन, प्रत्येक वळणावर एक, आणि जिथे काहीच नाही तिथे तीन. पुढे छत्री धरलेलं एक जोडपं आणि एक बसलेला कुत्राही काढला. माणूस मात्र इमानदार. खरी, टेपने मोजलेली झाडं त्याने 'वृक्ष' या थरात ठेवली आणि ही सगळी मंडळी 'सजावट' नावाच्या वेगळ्या थरात. कुणी विचारलंच तर दाखवता यावं म्हणून. सत्तावीस वर्षांत कुणी विचारलं नाही.

अक्काचं झाड मात्र दोन्ही थरांत नव्हतं. ते ज्या कागदावर यायचं त्या सत्तेचाळीस क्रमांकाच्या कागदाच्या उजव्या खालच्या कोपऱ्यात, प्रत्येक कागदावर असते तशी, एक चौकट होती: नकाशाचं नाव, प्रमाण, तारीख आणि साहेबांची सही. झाड आणि चौकट एकाच जागी आले. चौकट वर सरकवली असती तर झाड बसलं असतं. पण साहेबांना सही खाली उजवीकडेच करायची सवय होती. आरेखकाने झाड पुसलं. मनाशी म्हणाला, कागदावर नसलं म्हणून काय झालं, खाली आहेच की.

रूपांतराला सुरुवात झाली तेव्हा कक्षातल्या ऑपरेटर बाई एक फॉर्म घेऊन वर आल्या. त्यांना बारावा थर सापडला होता.

"काका, ही सजावट म्हणजे काय काय आहे?"

"झाडं आहेत बहुतेक. जोडपं आहे. कुत्रा आहे."

"जोडपं उभं आहे, त्याला मी खांबात टाकलंय. कुत्रा बसलाय, तो पायरीत गेला. अडलंय ते या झाडांचं. झाडं आहेत का ही?"

"म्हणजे काय? आणखी काय दिसतात? पालवी बघा ना जरा. सावली बघा."

"ते दिसतंय हो. खरी आहेत का?"

आरेखक दुखावला. सत्तावीस वर्षांत त्याच्या झाडाकडे पहिल्यांदाच कुणी निरखून पाहत होतं आणि विचारत होतं ते हे. "तुम्हाला काय वाटतं?"

"मला वाटून काय करू? माझ्या फॉर्मात 'खरी' असा रकानाच नाही. 'झाड' आणि 'झाड नाही', एवढे दोनच."

"मग झाड लिहा. झाड नाही कसं म्हणायचं त्याला?"

"करा सही."

आरेखकाने सही केली. झोकदार अक्षरात केली.

मंगळवारी दुपारी तीन वाजून चाळीस मिनिटांनी रूपांतर पूर्ण झालं. सकाळपर्यंत गावात ३,९१७ झाडं होती. चहाच्या सुट्टीपूर्वी ती ४५,१२३ झाली. सकाळी एकोणीस माणसांमागे एक झाड होतं, दुपारी पाच माणसांमागे तीन. एवढी लागवड इतक्या कमी वेळात जगात कुठे झाली असेल असं वाटत नाही. या झाडांचे गुणही सांगण्यासारखे होते. त्यांना पाणी लागत नव्हतं, त्यांची पानं गळत नव्हती, त्यांच्या फांद्या तारांना लागत नव्हत्या आणि त्यांच्यावर बसून पक्षी कुणाच्या गाडीवर काही करत नव्हते. रूपांतराने इतरही प्रगती झाली. उत्तर दाखवणारा बाण चारी बाजूंनी बंद असल्यामुळे 'इमारत' ठरला, म्हणून गावात १,३१८ नव्या इमारती उभ्या राहिल्या. त्यांना घरक्रमांक देण्यात आले आहेत. (टपालवाला अजून शोधतो आहे.) आणि साहेबांची सही असलेली चौकट आतून रिकामी दिसल्याने तिची नोंद 'मोकळी जागा' अशी झाली. यात कुणी काही अर्थ शोधू नये.

गावाला हिरवाईचं प्रशस्तिपत्र मिळालं. हल्लीच्या साहेबांनी ते खुर्चीच्या मागे लावलं आणि तीन परिषदांत जाऊन 'झाड लावण्यातली खरी अडचण माती ही आहे' या विषयावर भाषण केलं.

सगळं नियमाने व्हावं म्हणून नवा नकाशा तीस दिवस कार्यालयाच्या दालनात लोकांसाठी टांगला. अकरा फूट रुंद, रंगीत. हरकती-सूचनांची वही खाली, दोरीला बांधलेलं पेन. ६,२४० माणसं येऊन गेली. प्रत्येकाने बोट फिरवत आपलं घर शोधलं, घरातल्यांना बोलावून दाखवलं, मोबाइलवर फोटो काढला. प्रत्येकाच्या दारात दोन झाडं होती. त्यातल्या बऱ्याच जणांच्या दारात झाड सोडा, कुंडीही नव्हती. हरकती आल्या शून्य. सूचना आली एक: 'आमच्या घरासमोरची झाडं थोडी मोठी दाखवावीत.' आपणही गेला असाल. गर्दी होती, त्यामुळे आठवत नसेल.

यानंतर पाण्याच्या मोठ्या पाइपचं काम निघालं. नियम असा की फाइलीतल्या कोणत्याही झाडापासून पाइप तीन मीटर लांब राहिला पाहिजे. नियम उत्तम होता. पाइपची रेषा माणसाने न काढता मशीननेच काढली, म्हणजे पक्षपात नको. सरळ नऊशे मीटरच्या रस्त्यावर पाइप चौदाशे साठ मीटर धावला. या घरासमोरची दोन झाडं टाळून डावीकडे, त्या घरासमोरची दोन टाळून उजवीकडे, असा तो इतका आदबीने वळत गेला, की खऱ्या झाडांनाही कधी एवढा मान मिळाला नसेल. ज्यांच्या दारातली फरशी यामुळे उखडायची वाचली त्यांना ते मनापासून आवडलं. सत्तेचाळीस क्रमांकाच्या कागदावर शेवटची दोन झाडं टाळून पाइप वळला आणि फाइलीत जिथे काहीही नव्हतं अशा मोकळ्या जागेतून निघाला.

कागद 'तपासले' असा शेरा मारायला आरेखकाकडे आला. त्याने मोकळी जागा पाहिली, वळण पाहिलं, दोऱ्याने बांधलेला चष्मा काढून पुसला आणि पुन्हा पाहिलं. मग तो अर्ध्या दिवसाची रजा टाकून अक्काकडे गेला. खणायला सुरुवात सोमवारी होती. आज मंगळवार होता.

अक्का एका दप्तराची चेन उसवत होती. त्याने सगळं सांगितलं. तिने दातांनी दोरा तोडला.

"एक्केचाळीस हजार झाडं काढलीस?"

"सत्तावीस वर्षांत, अक्का."

"आणि माझं एक नाही काढता आलं तुला?"

"तिथे चौकट होती. साहेबांच्या सहीची."

"केवढी असते रे ती सही?"

"एवढी." त्याने दोन बोटं दाखवली.

अक्काने वर पाहिलं. झाड तिसऱ्या मजल्याच्या गच्चीपर्यंत गेलं होतं. "बरं," ती म्हणाली. "आता काय करतोस, धाकट्या?"

"खरं काय ते सांगतो साहेबांना."

"अगंबाई," अक्का म्हणाली. "इतकं झालंय का?"

बुधवारी तो साहेबांपुढे उभा राहिला. लेखी कबुलीही नेली होती.

"अहो आरेखक, म्हणजे तुमचं म्हणणं एक्केचाळीस हजार झाडं नाहीत."

"नाहीत साहेब. शोभेची आहेत."

"आणि एक आहे."

"हो साहेब. मोठं आहे."

साहेबांनी मागच्या प्रशस्तिपत्राकडे हात केला. "तुम्हीच बघा, कोणती बाजू जड आहे. आणि हा फॉर्म पाहिलात का? 'झाड', खाली सही. कुणाची आहे ही?"

"माझीच."

"सुरेख आहे सही."

तरी साहेब माणूस वाईट नव्हता. त्याने नियम काढून दाखवले. नसलेलं झाड फाइलीतून काढायला मनाई नव्हती. पण फाइलीतून झाड काढणं म्हणजे वृक्षतोड. त्यासाठी बुंध्यावर पंधरा दिवस नोटीस चिकटवायची, नोटिशीसकट चारी बाजूंनी फोटो काढायचे आणि एका झाडाबदली दहा रोपं लावायची.

"बुंधाच नाहीये साहेब. नोटीस कशावर चिकटवू?"

"ती तुमची अडचण झाली."

असलेलं झाड फाइलीत घालायलाही मनाई नव्हती. त्यासाठी मोजणी करून आरेखन सादर करायचं होतं. आरेखक गुरुवारी सकाळी टेप घेऊन गेला. टेपचं एक टोक अक्काने धरलं. बुंध्याचा घेर सात फूट चार इंच. भिंतीपासून नऊ फूट. नळापासून बावीस. खिळा जमिनीपासून साडेचार फुटांवर. वर आलेलं मूळसुद्धा त्याने मोजलं. त्यावर एक गिऱ्हाईक बसलं होतं, ते पाय वर घेऊन म्हणालं, "मलाही घ्या की नकाशात."

"घेतलं असतं," आरेखक म्हणाला, "पण तुमचा खांब होईल."

त्या संध्याकाळी त्याने आरेखन काढलं. दारातली झाडं नाहीत, वळणावरची नाहीत, जोडपं नाही, कुत्रा नाही. भिंती, नळ आणि एक झाड, हाताने काढलेलं, शिक्का न वापरता. नोकरीच्या पहिल्या पंधरवड्यानंतर त्याने काढलेलं हे पहिलं पूर्ण खरं आरेखन होतं. शुक्रवारी सकाळी ते परत आलं. शेरा होता, 'नकाशा भकास दिसतो.' (साहेब बदलतात, कार्यालयाला नजर एकच असते.) शिवाय खाली बाईंच्या अक्षरात, पेन्सिलीने, हळहळत लिहिल्यासारखं: 'काका, मोकळ्या जागेत झाड टाकलं की मशीन चूक दाखवतं. जागा मोकळी आहे म्हणतं.'

मग आरेखकाने आयुष्यात पहिल्यांदा ठरवून खोटं करायचं ठरवलं. तो बाईंकडे गेला.

"बाई, ती बदली रोपं फाइलीत लावलेली चालतात का?"

"फाइलीतच लावावी लागतात. बाहेर लावलेली आम्हाला दिसत नाहीत."

"मग त्या मोकळ्या जागेत दहा लावा."

बाईंनी दार लोटून घेतलं आणि लावली. सगळी व्यवस्थित, अक्काच्या झाडाभोवती गोल. मशीनने ती घेतली. कारण मोकळ्या जागेत झाड असू शकत नसलं तरी ते लावता येतं. आरेखकाला हायसं वाटलं. मग बाईंनी पाइपची रेषा पुन्हा काढायला सांगितली. मशीनने ती पूर्वीच्याच जागी काढली, दहाही रोपांच्या मधून.

"असं कसं?"

बाईंनी नियम वाचला. "रोप लावल्यापासून तीन वर्षांनी झाड धरतात, काका."

एक शेवटची वाट होती: जागेवर पाहणी. वृक्ष निरीक्षक शनिवारी आला. हातात एक यंत्र, त्यावर फाइल. तो चालत चालत अक्काच्या मशीनपर्यंत आला, कपाळावरचा घाम पुसला आणि वर आलेल्या मुळावर बसला.

"मावशी, इथे फार गार वाटतं हो."

"झाड आहे ना, म्हणून."

"असेल, असेल." त्याने बुंध्याला पाठ टेकवली, यंत्र मांडीवर घेतलं, त्यावर कागद ठेवला आणि अहवाल लिहायला लागला: 'नमूद ठिकाणी प्रत्यक्ष पाहणी केली. वृक्ष आढळून आला नाही.' वाऱ्याने कागद उडायला लागला तेव्हा त्याने तो खिळ्यात अडकवला आणि उरलेला अहवाल उभ्याने पूर्ण केला. "सर्वांत जवळचं झाड," तो यंत्रात पाहून म्हणाला, "इथून अठरा मीटरवर आहे. त्या समोरच्या घराच्या दारात. छान आहे, मोठं आहे."

आरेखक शेजारीच उभा होता. समोरच्या घराच्या दारात एक पायपुसणं होतं आणि ऊन होतं. "साहेब, तुम्ही ज्याला टेकलात ते काय आहे?"

निरीक्षकाने बुंध्याकडे पाहिलं. नीट पाहिलं, वरपर्यंत. मग आवाज खाली आणून म्हणाला, "हे बघा, मला दिसतंय. मी काय आंधळा आहे? पण मला दिसतं ते लिहायला माझ्या अहवालात जागा कुठे आहे?"

अक्काने त्याच्या खांद्यावरच्या पिशवीची अडकलेली चेन मेण लावून सरळ करून दिली. तो आभार मानून गेला.

सोमवारी झाड पडलं. करवतीला पाऊण तास लागला आणि लाकूड उचलायला दीड दिवस. जे फाइलीत नव्हतं त्याच्या तोडीला परवानगी लागली नाही, नोटीस लागली नाही, बदली रोपंही लागली नाहीत. कार्यालयाच्या इतिहासात इतकं विनातक्रार काम झालं नव्हतं. ट्रक भरणाऱ्यांनी चलनात माल काय लिहायचा ते विचारलं. मुकादमाने थोडा विचार करून लिहिलं, 'मोकळी जागा, तीन ट्रक.' आरेखकाने फक्त तो खिळा मागून घेतला.

चर बुजल्यावर तो अक्काकडे गेला. ती भिंतीला चिकटून, मशीनवर जुनी छत्री बांधून बसली होती.

"अक्का, घरी चल. पुरे आता."

"घरी कोण येणार चेन बदलायला? तू मला एक सांग. तुझ्या त्या फाइलीत माझ्या जवळचं झाड कुठे आहे म्हणाला तो?"

"समोर. त्या दारात. अगं पण ते नाहीये."

"तू काढलंयस ना?"

"हो."

"सावली पण काढलीयस म्हणालास."

"आग्नेयेला."

"मग धर त्या बाजूने."

दोघांनी मशीन उचलून समोर नेलं. आरेखकाने अंदाज घेतला, दोन पावलं डावीकडे सरकवलं आणि म्हणाला, इथे. अक्का तिथे बसली. ऊन थेट डोक्यावर होतं. आठवड्याने निरीक्षक त्या रस्त्याने गेला तेव्हा यंत्रात पाहून खूश झाला. "बरं केलंत मावशी, सावलीत आलात."

"तुमच्या कृपेने," अक्का म्हणाली. पदराने मान पुसली आणि पुन्हा सुई ओवली.

नकाशा टांगल्यापासून सातव्या महिन्यात, म्हणजे मुदत संपून गेल्यावर, कार्यालयाकडे पहिली आणि एकुलती एक हरकत आली. मजकूर थोडक्यात असा: 'आमच्या दारात असलेल्या झाडाखाली एक बाई शिलाई मशीन मांडून बसते. गिऱ्हाइकांची वर्दळ असते. झाड आमचं आहे. नकाशाचा फोटो सोबत जोडला आहे. तरी तिला उठवावं ही विनंती.'

मुदत संपली होती तरी साहेबांनी अर्ज दाखल करून घेतला, कारण झाडाबद्दल कुणीतरी आस्था दाखवत होतं. निरीक्षकाने पाहणी करून अहवाल दिला, 'नमूद ठिकाणी वृक्ष सुस्थितीत. बाई आढळून आली.' दुसऱ्या दिवशी सकाळी दोन माणसं आली आणि त्यांनी अक्काला मशीनसकट उठवलं.  तिने उठताना एकदा त्या दाराकडे पाहून घेतलं, आतून पडदा हलला तेव्हा.

अर्ज तपासायला आरेखकाकडेच आला होता. त्यावर नाव होतं, पत्ता होता, सही होती. ती इथे देत नाही. उद्या भर दुपारी घराचं दार उघडून बाहेर उभे राहा आणि वर बघा. ऊन लागलं, तर अर्ज तुमचाच.